घोयरा माणसाळतो का?

गिरगिट पाळता येतो का, आणि पाळला तर तो आपल्याला ओळखायला लागतो का? पावसाळ्यात हा प्रश्न वर्गात हटकून निघतो. यंदा तो दोन-तीन पालकांकडूनही आला, म्हणून या महिन्याची जागा त्यालाच देतो.

आधी नावाचा घोळ मिटवू. आपल्या घरांत सरड्यासारखं जे जे दिसेल त्याला सरसकट गिरगिट म्हणतात. कुंपणावर बसून मान वर-खाली करणारा, चाहूल लागताच सुसाट पळणारा आणि विणीच्या दिवसांत ज्याच्या नराचं डोकं-गळा लालभडक होतो, तो बागेतला साधा सरडा. ‘सरड्याची धाव कुंपणापर्यंत’ ही म्हण त्याला शोभते. मी बोलतोय तो घोयरा. पुस्तकांत त्याला सरडगुहिरा किंवा सरळ शॅमेलिऑन म्हटलेलं आढळेल. घोयरा धावतच नाही. वाऱ्याने पान हलावं तसा पुढे-मागे डुलत एक एक पाऊल टाकतो. अंग दोन्ही बाजूंनी चपटं, डोक्यावर टोपीसारखा उंचवटा, शेपटी घड्याळाच्या स्प्रिंगसारखी गुंडाळलेली. पायाची बोटं दोन आणि तीन अशी जोडलेली असतात, म्हणून पाऊल चिमट्यासारखं फांदी धरतं. दोन डोळे दोन दिशांना फिरतात आणि शिकार दिसली की दोन्ही एकाच जागी येऊन थांबतात. मग जीभ सुटते. शेपटी सोडून बाकी अंग मोजलं तर जीभ त्यापेक्षाही लांब भरते.

रंगाबद्दलही एक समज दुरुस्त करायला हवा. लाल कापडावर ठेवला की लाल होतो, निळ्यावर निळा, असं मुलं छातीठोक सांगतात. तसं होत नाही. तो रंग बदलतो ते मुख्यतः ऊन-थंडी, भीती, राग आणि आपल्या जातीच्या दुसऱ्या प्राण्याला इशारा यांसाठी. २०१५ साली जिनिव्हा विद्यापीठाच्या शास्त्रज्ञांनी मादागास्करच्या शॅमेलिऑनवर काम करून दाखवलं, की त्याच्या कातडीतल्या काही पेशींत अतिसूक्ष्म स्फटिकांची जाळी असते. ही जाळी घट्ट किंवा सैल झाली की तिच्यावरून परतणाऱ्या प्रकाशाचा रंग बदलतो. म्हणजे घोयऱ्याचा रंग हा त्याच्या पोटातल्या गोष्टीचा फलक आहे. ज्याला त्याच्याशी मैत्री करायची आहे त्याने पहिल्यांदा हा फलक वाचायला शिकावं. ताजा हिरवा-पिवळा, अंग सैल, डोळे फिरते असतील तर ठीक चाललंय. काळपट पट्टे, अंग कागदासारखं चपटं केलेलं, गळा फुगवलेला, तोंड उघडून फुस्स आवाज येत असेल तर तो म्हणतोय, लांब हो. सकाळी ऊन खायलाही तो गडद होतो, हे मात्र लक्षात ठेवा. आणि दिवसाढवळ्या डोळे मिटून बसला असेल तर तो लाडात नाही, बहुधा आजारी आहे.

गेल्या वर्षीची गोष्ट सांगतो. सातवीतला एक मुलगा बुटांच्या खोक्यात घोयरा घेऊन शाळेत आला. रंगावली नदीच्या बाजूला बाभळीवर सापडला होता. तीन दिवस घरी होता. बाटलीच्या झाकणात दूध, टोमॅटोची फोड, पोळीचा तुकडा असा सगळा पाहुणचार झाला होता आणि पाहुण्याने कशालाच तोंड लावलं नव्हतं. खोक्याच्या कोपऱ्यात काळा ठिक्कर पडून होता. घरात निराळाच गोंधळ. अम्मीचं म्हणणं, हे आधी घराबाहेर काढ. शेजारची खाला म्हणाली, याचा श्वास लागला तरी माणूस मरतो. दादांनी तर चप्पल हातात घेतली होती, मारलं तर सवाब आहे म्हणून. आणि पोराच्या मोबाइलमध्ये एक परदेशी व्हिडिओ, त्यात त्याच्याच वयाच्या मुलाच्या खांद्यावर हिरवागार शॅमेलिऑन मजेत बसलेला. त्याचा प्रश्न एकच होता, “सर, मेरे पास ऐसा क्यों नहीं बैठता?”

प्रश्न चांगला आहे. त्याला रागावून गप्प बसवण्यात अर्थ नव्हता. व्हिडिओतला मुलगा खोटं दाखवत नव्हता, पण त्याच्यामागचे महिने त्यात नव्हते.

ते महिने मला थोडेफार माहीत आहेत. माझी चुलतबहीण लग्न होऊन इंग्लंडला गेली. तिच्या मुलाकडे येमेनी शॅमेलिऑन आहे. ही जात येमेन आणि सौदीच्या नैऋत्येकडच्या डोंगराळ भागातली, डोक्यावर उंच तुऱ्यासारखं हाड असलेली. तिकडे तिची पैदास पिंजऱ्यातच होते आणि ती कायदेशीर विकत मिळते. भाच्याचा प्राणी पिंजऱ्यातच जन्मलेला, तरी आल्या दिवशी त्याला हात लावायला दुकानदाराने मनाई केली होती. पहिले दोन आठवडे मुलाने फक्त पाणी आणि किडे द्यायचे आणि बाजूला व्हायचं. नंतर रोज ठरल्या वेळी पिंजऱ्याजवळ बसून स्वतःचा अभ्यास करायचा. त्याच्याकडे टक लावून बघायचं नाही, कारण टक लावणारे दोन डोळे म्हणजे घोयऱ्याच्या लेखी शिकारी. अचानक उठायचं नाही, आणि हात कधीही वरून न्यायचा नाही. झाडावर राहणाऱ्या जीवावर वरून येतो तो शिक्रा किंवा कावळा, आजोबांचा मायेचा हात नव्हे.

तिसऱ्या आठवड्यात छोट्या कपात किडा ठेवून तो कप लांब धरायचा. जीभ पोचेल एवढ्या अंतरावर. पहिल्या काही दिवसांत त्याने बघून न बघितल्यासारखं केलं. मग एके दिवशी जीभ सुटली. कपाच्या जागी काही आठवड्यांनी तळहात आला. त्यानंतर हात फांदीच्या रेषेत, त्याच्या पायांच्या थोडा खाली आणि पुढे धरायचा, किडा हाताच्या पलीकडे ठेवायचा. म्हणजे हातावर चढणं हे त्याचं पाऊल असतं, तुमची ओढ नसते. फांदीवरून ओढून काढलं तर नखं दुखावतात आणि महिन्याभराची मेहनत एका झटक्यात जाते. पिंजऱ्याबाहेर कुंडीतलं एक झाड ठेवून दार उघडं ठेवायचं, वाटलं तर तो येईल. सगळा कार्यक्रम पाच-दहा मिनिटांचा, आणि रंग गडद व्हायला लागण्याआधी संपवायचा. कात टाकत असेल किंवा मादी अंड्यांवर असेल तर तोही नाही.

भाच्याला हे करायला चार महिने लागले. मी व्हिडिओ कॉलवर बघितलं तेव्हा तो प्राणी त्याच्या मनगटावरून कोपरापर्यंत चढला आणि तिथे थांबला. बहीण म्हणाली, “बघा भाई, किती प्रेम आहे!” मी तिला तेव्हाच म्हटलं की प्रेम वगैरे नाही, याला तू उबदार फांदी वाटायला लागलीस एवढंच. ती जरा नाराज झाली. पण मला यात कमीपणा वाटत नाही. ज्या जीवाचं सगळं आयुष्य एकट्याने आणि लपून जातं, त्याने तुम्हाला धोक्याच्या यादीतून काढलं, यापलीकडे तो देणार काय? नावाने हाक मारली तर तो येणार नाही. कुरवाळलेलं त्याला आवडत नाही. मांजरीचा हिशेब त्याला लावू नये.

सरपटणाऱ्यांना डोकं नसतं असं मात्र कोणी समजू नका. २०११ साली अमेरिकेतल्या ड्यूक विद्यापीठात पोर्तो रिकोच्या सरड्यांसमोर झाकण लावलेले खड्डे ठेवले होते, एका झाकणाखाली अळी. काही सरड्यांनी झाकण उचकटायची युक्ती शोधली आणि कोणत्या रंगाच्या झाकणाखाली खाऊ असतो हेही लक्षात ठेवलं. तेव्हा शिकणं त्यांना जमतं. ते आपल्या मर्जीने आणि आपल्या वेळेने शिकतात, एवढाच फरक. वर्गात चाळीस मुलांपुढे उभं राहणाऱ्याला यात नवल वाटण्याचं कारण नाही.

आणि त्या खांद्यावरच्या मैत्रीमागे खर्च किती असतो तोही ऐका. उंच जाळीचा पिंजरा, कारण काचेच्या पेटीत हवा कोंडते आणि त्याला स्वतःचं प्रतिबिंब दिसून तो बिथरतो. उन्हातल्या अतिनील किरणांसाठी खास दिवा, तो नसेल तर हाडं मऊ होऊन वाकतात. जिवंत किडे, त्यांच्यावर कॅल्शियमची पूड. वाटीतलं पाणी तो बहुतेक पीतच नाही, पानावरून ओघळणारे थेंब चाटतो, म्हणून दिवसातून दोन-तीनदा पानांवर फवारणी. एका पिंजऱ्यात एकच, दोन ठेवले तर दोघेही झुरतात. झाकणातलं दूध आणि पोळी यात कुठेच बसत नाही, हे त्या मुलाला मी खोकं समोर ठेवूनच समजावलं.

आता आपल्याकडच्या घोयऱ्याची गोष्ट. तो जंगली आहे, आणि १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्याला संरक्षण आहे. पकडणं, घरात ठेवणं, विकणं, मारणं हे सगळं गुन्ह्यात मोडतं आणि शिक्षेत दंडाबरोबर तुरुंगही आहे. हा कायदा २०२२ साली दुरुस्त झाला आणि दुरुस्ती १ एप्रिल २०२३ पासून लागू आहे. तिच्यामुळे परदेशी जातींचाही हिशेब आला. येमेनी शॅमेलिऑन हा साइट्स या आंतरराष्ट्रीय करारातल्या यादीतला प्राणी. असा प्राणी भारतात बाळगणाऱ्याला वनखात्याच्या व्यवस्थेत, ‘परिवेश’ पोर्टलवर, त्याची नोंद करावी लागते. मोठ्या शहरात कोणी ‘कागदाची गरज नाही, घेऊन जा’ म्हणाला तर तिथून निघून या. जाता जाता सांगतो, अनेकांना कडू लागेल, पण आपल्या ओसरीवरच्या पिंजऱ्यातला हिरवा मिठ्ठूही याच कायद्याने संरक्षित पक्षी आहे. शेजारी ठेवतात म्हणून तो कायदेशीर होत नाही.

घरातल्या भीतीचं उत्तर सोपं होतं. घोयरा विषारी नाही. दाबून धरला तर चावेल, चिमटा बसेल, बस्स. त्याच्या श्वासाने कोणी मेल्याचं ऐकलं असेल तर ते ऐकलेलंच. हात धुणं मात्र आवश्यक, कारण सरपटणाऱ्या प्राण्यांच्या अंगावर आणि विष्ठेत साल्मोनेला नावाचे जंतू असू शकतात, आणि लहान मुलं हात लगेच तोंडात घालतात. नवापूरकरांना हे वेगळं सांगायला नको. फेब्रुवारी २००६ मध्ये देशातला पहिला बर्ड फ्लू इथल्याच पोल्ट्रींमध्ये सापडला, लाखो कोंबड्या माराव्या लागल्या आणि किती घरांचा धंदा बसला ते आपण पाहिलंय. जनावराला हात लावला की साबण, हा नियम त्या वर्षी ज्यांच्या घरात शिरला त्यांनी तो बाहेर जाऊ देऊ नये.

दादांचा मुद्दा अवघड होता, आणि तो टाळणं मला योग्य वाटलं नाही. मी त्यांच्याकडे गेलो, चहा घेतला, बोललो. हजरत इब्राहीम अलैहिस्सलाम यांच्यासाठी पेटवलेल्या आगीवर फुंकर घालणाऱ्या प्राण्याचा उल्लेख हदीसमध्ये आहे, त्याला मारण्याचा हुकूमही आहे. तिथला अरबी शब्द ‘वज़ग’ आहे, आणि तो पालीच्या कुळासाठी वापरतात. झाडावरच्या घोयऱ्याला अरबीत ‘हिरबा’ म्हणतात, उन्हाकडे तोंड फिरवत बसतो म्हणून अरबांच्या बोलण्यात तो प्रसिद्ध आहे. हे दोन वेगळे शब्द आहेत. उर्दू तर्जुम्यांत ‘वज़ग’साठी कुठे छिपकली येतं, कुठे गिरगिट. दगड पडतात ते या दुसऱ्या शब्दापायी, आणि ते बिचाऱ्या बागेतल्या सरड्यावर आणि घोयऱ्यावर पडतात. मी उर्दू-मराठी शिकवणारा माणूस, शब्द सांगू शकतो. मसला आलिमांना विचारा, असंच दादांना म्हटलं. त्यांनी खरंच मशिदीत जाऊन विचारलं. काय उत्तर मिळालं ते मला सांगितलं नाही, पण चप्पल परत हातात घेतली नाही.

मुलाला मात्र मी दुसऱ्या गोष्टी सांगितल्या, ज्या त्याने दीनियातच्या तासाला अर्धवट ऐकल्या होत्या. हजरत अनस रजि. यांचा लहान भाऊ अबू उमैर याच्याकडे एक छोटं पाखरू होतं आणि ते मेलं तेव्हा प्रेषित सल्ल. यांनी त्या लेकराची आस्थेने विचारपूस केली. म्हणजे मुलाने जीव लावणं यात वावगं काही नाही. पण मांजर बांधून ठेवणाऱ्या बाईचीही हदीस आहे. तिने त्याला खायला दिलं नाही आणि जमिनीवरचे किडे-जीव स्वतः शोधून खाण्यासाठी सोडलंही नाही, आणि तिला अजाब झाला. सफरीत काही सहाबींनी पक्ष्याची पिल्लं उचलली, आई घिरट्या घालू लागली, तेव्हा ती पिल्लं परत ठेवायला सांगितलं गेलं, हेही त्याला सांगितलं. मुलगा खोक्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, “सर, इसको भी बाँध के रखा, खाना भी नहीं मिला.” मला पुढे काही बोलावं लागलं नाही.

त्याच दिवशी असरनंतर आम्ही त्याच बाभळीपाशी गेलो. त्याचे अब्बूही आले. खोकं आडवं केलं, काठी पुढे धरली. घोयरा दहा मिनिटं हललाच नाही. मग काठीवर चढला, काठीवरून फांदीवर गेला आणि फांदीच्या पलीकडच्या बाजूला सरकून दिसेनासा झाला. हीच त्याची युक्ती. माणूस दिसला की पळत नाही, फांदी मधे घेतो.

मुलाचा चेहरा उतरला होता. तेव्हा त्याला एक काम दिलं. रोज याच वेळी यायचं, तोच शर्ट घालायचा, हळू चालायचं आणि किती पावलांवरून घोयरा फांदीमागे सरकतो ते वहीत लिहायचं. भाच्याने पिंजऱ्याशेजारी बसून जे केलं तेच, फक्त पिंजरा नाही. अब्बूंनी सोबत असायचं, गवतात काठी आपटत जायचं, कारण पावसाळ्यात घोणस आणि मण्यारही फिरतात. दिवसा सापडला नाही तर अंधार पडल्यावर टॉर्च मारायचा. झोपलेल्या घोयऱ्याचा रंग फिका पडतो, फांदीच्या टोकाला तो उजेडात चटकन दिसतो. टॉर्च मारून जागा बघायची आणि लगेच बंद करायचा.

वही मी पाहिली आहे. पहिल्या आठवड्यात बारा पावलं, अकरा, परत बारा. पावसाचे तीन दिवस कोरे. नंतर नऊ. एके दिवशी चुलतभावंडांची पलटण सोबत नेली तर एकदम पंधरा, त्याखाली लाल पेनने ‘सब की गलती’. पाचव्या आठवड्यात पाच पावलं, आणि एक ओळ, की तो सरकला नाही आणि माझ्यासमोर नाकतोडा पकडला, जीभ दिसलीच नाही, फक्त नाकतोडा गायब झाला. वहीच्या त्या पानावर त्याने नाकतोड्याचं चित्र काढलंय, घोयऱ्याचं नाही. मला ते फार आवडलं.

त्याने मला विचारलं, “सर, ये भरोसा है या आदत?” मी म्हटलं, त्याच्या बाजूने सवय. तुझ्या बाजूने काय ते तू ठरव. त्याला उत्तर पटलं नाही, अजूनही अधूनमधून वाद घालतो.

ऑक्टोबरच्या शेवटी घोयरा तिथे दिसेनासा झाला. मादी असेल तर माती उकरून अंडी घालायला खाली उतरली असेल, नर असेल तर पुढच्या झाडांकडे गेला असेल, किंवा शिक्र्याने नेला असेल. मुलगा आठवडाभर जात राहिला. मग वही शाळेच्या कपाटात ठेवून गेला. या जूनमध्ये ती मागून घेतली, आणि आता त्याच्याबरोबर आणखी दोघे आहेत, एक भिलाटीतला आणि एक स्टेशनकडचा. तिघांच्या तीन बाभळी.

तुमच्या गावाकडेही हे दिवस घोयरे रस्ता ओलांडण्याचे आहेत. डांबरावर तो पान हलावं तसा डुलत उभा राहतो आणि चाकाखाली जातो. दिसला तर गाडी बाजूला घ्या, मागची वाहनं बघा. पाठीवरून उचलू नका. हातभर काठी त्याच्या पुढच्या पायांसमोर जमिनीलगत आडवी धरा आणि थांबा, तो स्वतः चढतो. ज्या बाजूला निघाला होता त्याच बाजूच्या झाडावर सोडा, मागे नेलात तर परत रस्त्यावर येईल. जखमी असेल किंवा कोणी खोक्यात घालून विकताना आढळलं तर वनखात्याच्या १९२६ या नंबरावर फोन करा, आणि फोन केल्यावर साबणाने हात धुवा.